सनद आणि वहिवाट : नीतीच्या अंतिम अधिष्ठानाविषयी

१७ ऑक्टोबर १९४९ रोजी घटनासमितीपुढे उद्देशिकेचा मसुदा आला, तेव्हा हरि विष्णु कामत यांनी एक दुरुस्ती सुचविली. भारताच्या लोकांचा उल्लेख येण्यापूर्वी ईश्वराचे नाव यावे आणि ज्या संविधानावर पुढील पिढ्यांनी विसंबायचे त्याचा आरंभ ईश्वरस्मरणाने व्हावा, असा तिचा आशय होता. पंडित हृदयनाथ कुंझरू यांनी तिला विरोध केला. ईश्वराच्या अस्तित्वाविषयी शंका हे त्या विरोधाचे कारण नव्हते. विचार, श्रद्धा आणि उपासना यांच्या स्वातंत्र्याची हमी देणाऱ्या दस्तऐवजाच्या दारातच एका श्रद्धेची सक्ती उभी करणे विसंगत होईल, असे त्यांचे म्हणणे होते. पूर्णिमा बॅनर्जी यांनी तर, ईश्वराला मतास टाकण्याचा अवघड प्रसंग सभागृहावर आणू नका, अशी कामतांना विनवणी केली. कामतांनी दुरुस्ती मागे घेतली नाही. मते मोजली गेली : अनुकूल ४१, प्रतिकूल ६८.

आस्तिक-नास्तिकांच्या जुन्या भांडणातील ही एक चकमक, असे म्हणून हा प्रसंग बाजूला सारता येईल. पण त्या भांडणाशी त्याचा संबंध फारच थोडा आहे. न्याय, स्वातंत्र्य, समता आणि बंधुता या मूल्यांवर राज्य उभे करावयाचे, तर ती मूल्ये स्वतः कशावर उभी आहेत हे आधी ठरविले पाहिजे काय, की ते न ठरविताही पुढे जाता येते, हा त्या दिवशी सभागृहापुढचा खरा प्रश्न होता. पुढे जाता येते, असे सभागृहाने ठरविले. ईश्वराचे नाव वगळल्यावर उरले ते ‘लोक’. परंतु लोक हे तरी अखेरचे ठाणे आहे काय? लोकांनी स्वतःप्रत अर्पण केलेली वस्तू उद्या लोकांनीच बहुमताने परत मागितली, तर त्यांना कोणत्या आधारावर अडवावे, हा प्रश्न उरतोच. त्याच संविधानाच्या तिसऱ्या अनुसूचीने यावर एक व्यवहारी तोड काढली आहे. मंत्रिपदावर येणाऱ्याने वाटल्यास ईश्वरसाक्ष शपथ घ्यावी, वाटल्यास गांभीर्यपूर्वक दृढकथन करावे. पद तेच, जबाबदारी तीच, तिच्याखालचा पाया मात्र ज्याने त्याने आपापल्या घरून आणावा.

ही तोड तात्त्विक दृष्ट्या टिकते काय, हा प्रस्तुत ग्रंथाचा विषय. नीतिशास्त्राला आणि राज्यशास्त्राच्या तात्त्विक अंगाला अंतिम अधिष्ठान लागते काय, लागत असेल तर ते कोणते, आणि लागत नसेल, तर अन्यायाला अन्याय म्हणण्याचा अधिकार आपल्याला कोठून मिळतो, या प्रश्नांवर भिन्न मतांच्या अभ्यासकांनी लिहिलेले निबंध येथे एकत्र आले आहेत. ज्या वाचकाची या क्षेत्राशी पूर्वीची ओळख नाही त्याला वाट सापडावी, एवढ्यासाठी पुढील विवेचन आहे.

प्रश्नाची अडचण शाळकरी मुलालाही कळते. चोरी का करू नये, तर तिने दुसऱ्याचे नुकसान होते म्हणून. दुसऱ्याचे नुकसान का करू नये, तर आपल्यासारखाच तोही सुखदुःख भोगणारा जीव आहे म्हणून. पण त्याच्या सुखदुःखाची पर्वा मी का करावी? येथपर्यंत आल्यावर पुढे तीनच मार्ग दिसतात. कारणामागे कारण असे अंतहीन जात राहावे, फिरून पहिल्याच कारणाशी यावे, किंवा कोठेतरी ‘हे असेच आहे’ म्हणून पाय रोवावा. ग्रीक संशयवाद्यांची ही कोंडी सेक्स्टस एम्पिरिकसच्या ग्रंथांतून आपल्यापर्यंत आली. आपल्याकडील तार्किकांनी तिच्यातील पहिल्या दोन दोषांना अनवस्था आणि चक्रक अशी नावे फार पूर्वीच देऊन ठेवली होती. तिसरा मार्ग पत्करणारे ते अधिष्ठानवादी. त्यांच्यात पाय कोठे रोवावा याविषयीच मतभेद आहेत : कोणी ईश्वराज्ञेवर, कोणी मनुष्यस्वभावावर, कोणी बुद्धीवर, कोणी सुखावर, तर कोणी करारावर. दुसरा पक्ष म्हणतो की, आपल्या नैतिक समजुती एकमेकींना आधार देतात आणि तो आधार पुरेसा व्यापक असला म्हणजे चक्रकाचा दोष बाधत नाही. तिसरा पक्ष ही मागणीच फेटाळतो : अमुक कृत्य क्रूर आहे हे ओळखायला क्रौर्याची अंतिम व्याख्या हाती असण्याची गरज नाही, आणि जो ती मागत बसतो त्याला बहुधा त्या कृत्याचा निषेध करावयाचाच नसतो.

या तिन्ही पक्षांतील झगडा मराठी वाचकाच्या परिचयाच्या भाषेत सांगावयाचा, तर तो सनद आणि वहिवाट यांतला झगडा आहे. १८५२ च्या कायद्याने मुंबई इलाख्यात इनाम कमिशनला अधिकार मिळाले आणि दख्खनच्या गावोगावच्या इनामदारांना आपापले कागद रुजू करावे लागले. ज्याच्या घरी मूळ सनद शाबूत होती त्याचे निभावले. ज्याचा कागद वाळवीने, आगीने किंवा भाऊबंदकीने गिळला होता, त्याला वाडवडिलांपासून चालत आलेला हक्क शाबीत करताना नाकी नऊ आले. अधिष्ठानवादी हा नीतीच्या दफ्तरातला असा एक चौकशी-अंमलदार आहे : प्रत्येक कर्तव्याची मूळ सनद दाखवा, नाही तर ते जप्त. त्याचे विरोधक म्हणतात, माणसे शतकानुशतके सत्य बोलत आली, उपाशी माणसाला घास देत आली, ही वहिवाटच पुरेशी आहे. माझा कल कोठे झुकतो ते पुढे येईलच. एवढे मात्र आताच सांगून ठेवतो की, सनद मागणारा नेहमी सरकारी अंमलदारच असतो असे नाही, आणि वहिवाट सांगणारा नेहमी गरीब बिचाराच असतो असेही नाही.

भारतीय परंपरेत हा प्रश्न ‘धर्माचे प्रमाण काय’ या रूपाने आला. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात श्रुती, स्मृती, सदाचार आणि आत्मतुष्टी असे चार आधार मोजले आहेत, आणि भाष्यकारांची पुढची शतके या चौघांत मान कोणाचा मोठा हे ठरविण्यात गेली. त्याच अध्यायात, जो द्विज तर्कशास्त्राचा आश्रय करून श्रुतिस्मृतींचा अवमान करील त्याला सज्जनांनी बाहेर घालवावे, असेही सांगितले आहे. प्रमाणे मोजून दाखवावयाची आणि प्रमाणांविषयी प्रश्न विचारणाऱ्याला बाहेर काढावयाचे, हे दोन्ही एकाच प्रकरणात यावे, ही गोष्ट या ग्रंथाच्या वाचकाने नजरेआड करू नये. कौटिल्याची रीत निराळी आहे. व्यवहारनिर्णयासाठी त्याने धर्म, व्यवहार, चरित्र आणि राजशासन असे चार पाय मांडले, त्यांत पुढचा मागच्यावर मात करतो असे ठरविले, आणि शास्त्रवचन न्याय्य युक्तीच्या आड येत असेल तर तेथे युक्ती प्रमाण, वचन नव्हे, असेही सांगून टाकले. कारभार चालवावयाचा ज्याला असतो त्याला अंतिम प्रमाणापेक्षा प्रमाणांचा अग्रक्रम अधिक उपयोगी पडतो. मीमांसकांनी आणखी एक युक्ती लढविली : ज्ञान स्वतःच प्रमाण असते, त्याला बाहेरून दाखला आणावा लागत नाही, मात्र बाधक पुरावा आला म्हणजे ते ढळते. वेदाच्या रक्षणासाठी घडविलेला हा स्वतःप्रामाण्याचा सिद्धांत वेदाचा संदर्भ काढून घेतल्यावरही जिवंत राहतो. आपल्या नैतिक निश्चयांना आधी निर्दोष शाबीत करून मगच वापरावे असा आग्रह का धरावा? ते वापरावेत, आणि त्यांच्याविरुद्ध तक्रार आली म्हणजे तपासावेत.

नागार्जुनाने मात्र सर्वांच्याच पायाखालची वाळू काढली. प्रमेये प्रमाणांनी सिद्ध होतात, तर प्रमाणे कशाने सिद्ध होतात, असे त्याने ‘विग्रहव्यावर्तनी’त नैयायिकांना विचारले. दिवा जसा दुसऱ्याला आणि स्वतःलाही उजळतो तसे प्रमाण, हे उत्तर त्याला ठाऊक होते. दिव्याच्या ठिकाणी अंधारच नसतो, मग तो स्वतःला उजळतो म्हणजे काय करतो, अशी त्याने उलटतपासणी केली. कोणत्याही वस्तूला स्वतःचा म्हणून स्थिर स्वभाव नाही असे सांगणाऱ्या या माणसाला, मग राजाने प्रजेशी कसे वागावे याविषयी बोलण्याचा काही हक्क उरतो काय? परंपरेने ज्याला सातवाहन मानले आहे अशा एका राजाला उद्देशून लिहिलेली त्याची ‘रत्नावली’ उघडून पाहावी. तिथे शून्यतेच्या चर्चेला लागूनच, बंदिवानांना सोडणे होत नसेल तोवर त्यांना न्हावी, स्नान, अन्नपाणी, औषध आणि वस्त्र मिळाले पाहिजे, असा राजाला रोखठोक उपदेश आहे. तुरुंगात न्हावी पाठवावा हे सांगण्यापूर्वी नागार्जुनाने कैद्याच्या हक्काचे तात्त्विक मूळ शोधले नाही. त्याचे स्वतःचे तत्त्वज्ञान खरे असेल तर तसे मूळ त्याला सापडणेही शक्य नव्हते. अंतिम अधिष्ठान नाकारल्याने माणूस नीतिशून्य होतो, असे जे सर्रास म्हटले जाते, त्याला इतके जुने आणि इतके ठसठशीत प्रतिउदाहरण मला दुसरे माहीत नाही.

युरोपातील इतिहास अधिक परिचित असल्याने तो थोडक्यात आटोपतो. पुण्य हे देवांना प्रिय आहे म्हणून पुण्य, की पुण्य आहे म्हणून देवांना प्रिय, हा ‘युथिफ्रो’ संवादातला प्लेटोचा प्रश्न ईश्वराज्ञेवर नीती उभारणाऱ्या सर्वांच्या मागे आजतागायत लागलेला आहे. ॲरिस्टॉटलने काटेकोरपणा विषयाप्रमाणे मागावा, सुताराला आणि भूमितिकाराला काटकोन लागतो तो सारखाच नव्हे, असे बजावून नीतिशास्त्राला गणिताच्या जाचातून सोडविले. १६२५ साली ग्रोशियसने, ईश्वर नाही असे महापातक पत्करून क्षणभर गृहीत धरले तरी निसर्गनियम काही अंशी टिकून राहील, असे लिहिले. धर्मयुद्धांनी पोळलेल्या युरोपला अशा एखाद्या पायाची निकड होती जो दोन्ही पंथांना कबूल होईल. हॉब्जने १६५१ मध्ये तो मरणाच्या भयात शोधला. ह्यूमने १७४० मध्ये, जे ‘आहे’ त्यावरून जे ‘असावे’ ते निष्पन्न कसे होते असे सहज विचारल्यासारखे विचारून निसर्गातून नीती काढण्याचा रस्ता बंद केला. कांटने बुद्धीच्या स्वयंशासनात पाया शोधला खरा, परंतु १७८५ च्या ग्रंथात नैतिक नियमाचे समर्थन करण्याची जी खटपट त्याने केली ती १७८८ मध्ये बहुतेक सोडून दिली आणि नियमाची जाणीव ही बुद्धीची एक वस्तुस्थितीच आहे, तिच्यामागे जाता येत नाही, असे म्हणून तो थांबला. बेंथॅमने सुखाचे गणित मांडले आणि नैसर्गिक हक्कांना निव्वळ बडबड ठरविले.

या मालिकेत जो सर्वांत कमी वाचला जातो तो सिज्विक मला सर्वांत प्रामाणिक वाटतो. १८७४ सालच्या आपल्या जाडजूड ग्रंथात त्याने नीतीच्या सर्व पद्धती तागडीत घातल्या; स्वतःचे हित साधणे बुद्धीला धरून आहे आणि सर्वांचे हित साधणेही बुद्धीला धरूनच आहे, पण दोहोंत विरोध आला तर निवाडा करणारे तिसरे तत्त्व बुद्धीजवळ नाही, असा त्याचा निष्कर्ष निघाला. पहिल्या आवृत्तीचा अगदी शेवटचा शब्द अपयशाची कबुली देणारा होता. पुढील आवृत्त्यांत त्याने तो बदलला. अडचण मात्र तशीच राहिली.

विसाव्या शतकाच्या मध्याला ही चर्चा ग्रंथांतून उठून आंतरराष्ट्रीय सभागृहात आली. मानवी हक्कांच्या जागतिक जाहीरनाम्याची तयारी चालू असताना युनेस्कोने १९४७ मध्ये निरनिराळ्या देशांतील विचारवंतांकडे हक्कांच्या तात्त्विक आधाराविषयी विचारणा केली. त्या वर्षीच्या मे महिन्यात युनेस्कोचे प्रमुख ज्युलियन हक्सली यांना गांधीजींनी पाठविलेले उत्तर जेमतेम एका पत्राएवढे आहे : निरक्षर पण शहाण्या आईपासून आपण शिकलो की, जे हक्क मिळवावे आणि राखावे असे असतात ते सगळे नीट बजावलेल्या कर्तव्यातून येतात. कोणी ख्रिस्ती निसर्गनियम सांगितला, कोणी मार्क्सवाद, कोणी कन्फ्यूशियसची परंपरा. अमेरिकन मानवशास्त्रज्ञांच्या संघटनेने तर एका संस्कृतीची मूल्ये सर्वांवर लादण्याच्या कल्पनेविषयीच हरकत नोंदविली. या सर्व उत्तरांवर प्रस्तावना लिहिताना जाक मारिताँ यांनी जो किस्सा दिला आहे त्याचा मथितार्थ असा की, हक्कांच्या यादीवर आमचे एकमत आहे, मात्र ‘का’ असे कोणी विचारू नये, एवढी अट आहे. जाहीरनाम्याच्या पहिल्या कलमात ईश्वराचे नाव घालण्याची सूचना मान्य झाली नाही. ‘निसर्गतः’ या अर्थाचा शब्दही चर्चेत गळला. हंसा मेहता यांच्या आग्रहाने मात्र पुरुषवाचक शब्द जाऊन त्या जागी सर्व मानवप्राणी आले. १० डिसेंबर १९४८ रोजी पॅरिसमध्ये ४८ राष्ट्रांनी मंजुरी दिली, विरोधात एकही मत पडले नाही, आणि आठ राष्ट्रे तटस्थ राहिली. त्या आठांत वर्णभेदाचे राज्य चालविणारी दक्षिण आफ्रिका होती. पायाविषयी मौन पाळले म्हणून यादी पोकळ झाली नव्हती. ज्याला झोंबायची त्याला ती झोंबलीच.

तत्त्वज्ञांनी या मौनाचे सिद्धांतात रूपांतर करायला आणखी काही दशके घेतली. जॉन रॉल्सने १९७१ मध्ये न्यायाची उपपत्ती मांडली तेव्हा तत्त्वे आणि विचारांती टिकलेले निवाडे यांना एकमेकांच्या उजेडात दुरुस्त करीत समतोलाला आणण्याची पद्धत त्याने वापरली. १९८५ च्या निबंधात आपला सिद्धांत राजकीय आहे, तत्त्वमीमांसेवर उभा नाही, असा त्याने खुलासा केला, आणि १९९३ च्या ग्रंथात भिन्न धर्मांच्या व दर्शनांच्या नागरिकांनी आपापल्या कारणांनी एकाच न्यायव्यवस्थेला दिलेल्या संमतीची कल्पना विस्ताराने मांडली. तिसऱ्या अनुसूचीतील दुहेरी शपथेचेच हे तात्त्विक भाष्य म्हणावे लागेल. रिचर्ड रॉर्टी आणखी पुढे गेला : हक्कांचा पाया शोधणे हा वेळेचा अपव्यय आहे, माणसाचे मन मवाळ करायचे तर त्याला दुसऱ्याच्या दुःखाच्या कथा सांगाव्या. मॅकइन्टायरने १९८१ मध्ये याच परिस्थितीचे निदान उलट केले; परंपरेची चौकट मोडल्यावर आपल्या हाती नैतिक भाषेचे तुकडे तेवढे उरले आहेत, म्हणून आपले वाद कधी मिटत नाहीत. अमर्त्य सेन यांनी २००९ साली, पूर्ण न्याय्य समाजाचे चित्र रंगविल्यावाचूनही दोन पर्यायांत कोणता कमी अन्याय्य हे ठरविता येते, असे दाखवून अधिष्ठानाच्या मागणीतील बरीच हवा काढली. रॉर्टीविषयी माझी एक तक्रार आहे, आणि ती सांगण्यासाठी घरी परतावे लागते.

१८८८ ते १९१५ या सत्तावीस वर्षांत एकट्या पुण्याने या प्रश्नाला तीन परस्परविरोधी उत्तरे दिली, आणि ती तिन्ही अव्वल दर्जाची होती. आगरकरांनी १८८८ मध्ये ‘सुधारक’ काढला. सदाचाराला परलोकाची भीती वा शास्त्राची मोहोर लागत नाही, मनुष्याचे ऐहिक सुख आणि त्याची विवेकबुद्धी एवढे पुरे आहे, हे त्यांच्या लेखनाचे सूत्र होते. जोतीराव फुल्यांचे ‘सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक’ त्यांच्या निधनानंतर १८९१ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यांना पाया हवा होता आणि तो त्यांनी निर्मिकाच्या ठिकाणी शोधला. निर्मिकाने सर्व स्त्रीपुरुषांना स्वतंत्र आणि हक्कांचे धनी म्हणून निर्माण केले, मग मधल्या दलालांच्या ग्रंथांना विचारतो कोण? मंडालेच्या तुरुंगात १९१०-११ च्या हिवाळ्यात लिहिलेले आणि १९१५ मध्ये छापलेले टिळकांचे ‘गीतारहस्य’ हा मराठीतील अधिष्ठानवादाचा सर्वांत समर्थ ग्रंथ होय. आधिभौतिक, आधिदैविक आणि आध्यात्मिक असे नीतिविचाराचे तीन पंथ पाडून पहिले दोन अपुरे कसे, हे टिळक वकिली सफाईने दाखवितात. पुष्कळांचे पुष्कळ सुख ही कसोटी मानली तर अकरा अक्षौहिणींचे कौरव सात अक्षौहिणींच्या पांडवांपेक्षा न्याय्य ठरतील, असे ते म्हणतात. शहरात ट्राम लवकर यावी म्हणून अंमलदारांना लाच देणाऱ्या अमेरिकन गृहस्थाचे उदाहरण देतात, लोकांची सोय झाली म्हणून लाच शुद्ध होते काय असे विचारतात, आणि सर्वांभूती एकच आत्मा या सिद्धांतावाचून नीतीला अखेरचा टेकू नाही, असा निर्णय देतात. डोंगरीच्या तुरुंगात आगरकर आणि टिळक १८८२ साली एकत्र होते; त्यांच्यातील पुढील दुराव्याची जी कारणे इतिहासात दिली जातात त्यांत हा तात्त्विक मतभेद अधिक ठळकपणे घातला पाहिजे, असे मला वाटते.

टिळकांच्या युक्तिवादाशी झुंज घेताना नवख्या वाचकाने एक गोष्ट ध्यानात ठेवावी. सर्वांभूती एक आत्मा हे तत्त्व शतकानुशतके मान्य असणाऱ्या समाजातच अस्पृश्यता नांदली. पाया कितीही खोल असला तरी त्यावर उठणारी भिंत वाकडी असू शकते, कारण पायापासून भिंतीपर्यंतचा प्रवास ज्यांच्या हाती असतो ते आपल्या सोयीने ओळंबा धरतात.

तेव्हा वहिवाटच बरी, असे म्हणावे काय? महाडला विचारून पाहावे. चवदार तळे सर्वांना खुले करण्याचा ठराव तेथील नगरपालिकेने केलेला होता. २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकर आणि त्यांचे अनुयायी त्या तळ्याचे पाणी प्याले. वर्षअखेरच्या दुसऱ्या परिषदेपूर्वी सवर्ण फिर्यादींनी कोर्टातून तात्पुरता मनाई हुकूम मिळविला. त्यांचा दावा काय होता? वेदवचन नव्हे, स्मृती नव्हे. अस्पृश्यांना तळ्यावर येऊ न देण्याची अनादिकाळापासून चालत आलेली वहिवाट आहे, आणि तीच आमचा हक्क. खटला नऊ वर्षांहून अधिक काळ रखडला. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई हायकोर्टाने, अशी प्राचीन वहिवाट फिर्यादींना शाबीत करता आली नाही, असे ठरवून अपील फेटाळले. निकाल योग्य लागला. पण तो पुराव्याच्या अभावी लागला. पुरावा मिळाला असता तर काय? एखाद्या कुलकर्ण्याच्या दफ्तरात चारशे वर्षांपूर्वीचा, अस्पृश्यांना पाणी बंद असल्याची नोंद करणारा कागद निघाला असता, तर ते पाणी बंद ठेवणे न्याय्य झाले असते काय?

रॉर्टीविषयीची माझी तक्रार ती हीच. ज्याच्या परंपरेने त्याला माणूस म्हणून वागविले आहे, त्याने ‘आमच्या येथील रीत हीच पुरे’ असे म्हणणे शोभते. ज्याच्या परंपरेने त्याला पाणवठ्यावरून हाकलले, त्याला त्या परंपरेबाहेर पाय ठेवायला जागा लागते. १९३६ मध्ये लाहोरच्या जातपात तोडक मंडळासाठी लिहिलेल्या, पण यजमानांनी हरकत घेतल्यामुळे न झालेल्या भाषणात आंबेडकरांनी जातीचे बळ शास्त्रांच्या पावित्र्यात आहे असे सांगितले, आणि ज्यांना बांधील राहून वागावयाचे त्यांना कारण विचारण्याचीच बंदी घालणाऱ्या मनुवचनावर बोट ठेवले. त्यांच्या मागणीचा मोहरा अंतिम पायापेक्षा या बंदीकडे अधिक वळलेला आहे, असे मला त्यांच्या लेखनावरून वाटते. स्वतः त्यांनी एकच एक पाया धरून ठेवला नाही. हिंदू धर्माची परीक्षा करताना ते उपयुक्तता आणि न्याय या कसोट्या लावतात. ३ ऑक्टोबर १९५४ च्या नभोवाणीवरील भाषणात स्वातंत्र्य, समता, बंधुता ही त्रयी आपण फ्रेंच राज्यक्रांतीपासून न घेता बुद्धाच्या शिकवणुकीतून घेतली असे सांगतात. आणि १९५७ मध्ये, निधनानंतर, प्रसिद्ध झालेल्या धम्मग्रंथात ईश्वराची जागा नीतीकडे देतात. पंडितांना यात धरसोड दिसेल. मला त्यात एक भूमिका दिसते : आधार अनेक असोत, बदलते असोत, पण जो नियमाखाली चिरडला जातो त्याने ‘का’ म्हणून विचारले, तर उत्तर देणे नियम लादणाऱ्यावर बंधनकारक आहे. सनद सर्वांकडून सरसकट मागावयाची नाही. जो दुसऱ्याचे पाणी तोडतो त्याच्याकडून आधी मागावयाची. पुराव्याचा बोजा कोणावर, हा प्रश्न अंतिम अधिष्ठान कोणते या प्रश्नाच्या आधी येतो. अधिष्ठानवाद्यांनी आणि त्यांच्या विरोधकांनी त्याकडे बहुधा दुर्लक्ष केले आहे. अर्थात हे माझे मत आहे, ग्रंथाचे नव्हे. आणि ‘उत्तर देणे बंधनकारक’ हेच तुमचे अंतिम अधिष्ठान झाले की, असे मला कोणी म्हणाले तर त्याला तसे म्हणण्याचा पूर्ण हक्क आहे.

हा वाद आज पुन्हा तापला आहे, त्याचे निकटचे कारण न्यायालयांत सापडते. ४ नोव्हेंबर १९४८ च्या भाषणात आंबेडकरांनी ग्रीसचा इतिहास लिहिणारा ग्रोट याच्याकडून सांविधानिक नीतिमत्तेची कल्पना उचलली. ही वृत्ती निसर्गदत्त नसते, ती जोपासावी लागते, असे सांगून, कारभाराचे तपशील संविधानातच का लिहावे लागले याचे त्यांनी समर्थन केले. पुढे कित्येक वर्षे हा शब्द दफ्तरात पडून राहिला. २००९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने समलिंगी संबंधांच्या प्रकरणात तो बाहेर काढला, आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याच विषयावर, तसेच शबरीमला मंदिरप्रवेशाच्या निकालात, समाजाच्या प्रचलित नीतीपेक्षा सांविधानिक नीतिमत्ता श्रेष्ठ असा त्याचा वापर केला. मूळ भाषणातील शब्दावर न्यायालयांनी त्याच्या ताकदीबाहेरचे ओझे टाकले असे मला वाटते, निकालांतील बराचसा भाग मला पटत असूनही. कारण लोकांच्या प्रचलित मतापेक्षा श्रेष्ठ असणारी ही नीतिमत्ता संविधानाच्या अक्षरांतून येते, की त्या अक्षरांमागील आणखी कोठून येते? अक्षरांतून येत असेल तर घटनादुरुस्तीने ती बदलता येईल. मागून येत असेल तर मागे काय आहे ते कोणीतरी सांगितले पाहिजे. दुसऱ्या बाजूला, संस्कृतीचे नाव घेऊन वहिवाटीचा दावा करणारे आवाज जगभर चढे झाले आहेत, आणि त्यांना अधिष्ठानविरोधी तत्त्वज्ञांची भाषा बिनदिक्कत वापरता येते, हे त्या तत्त्वज्ञांना अपेक्षित नव्हते.

मराठीत हा विषय नवा नाही. वामन मल्हार जोश्यांनी नीतिशास्त्राचा प्रवेशग्रंथ लिहिला, तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी आणि मे. पुं. रेगे यांनी वाईच्या ‘नवभारत’मधून धर्म, बुद्धी आणि मूल्ये यांची चर्चा चालू ठेवली, दि. य. देशपांडे यांनी १९९० मध्ये ‘आजचा सुधारक’ सुरू करून आगरकरांचा धागा पुन्हा हाती घेतला. तरी अधिष्ठानाचा प्रश्न मध्यभागी ठेवून पौर्वात्य आणि पाश्चात्त्य दोन्ही दफ्तरे एकत्र उघडणारा संग्रह हाती नव्हता. ती उणीव काही अंशी भरून काढावी, हा या ग्रंथाचा हेतू. त्यात लेखकांमध्ये एकवाक्यता आणण्याचा प्रयत्न केलेला नाही. किंबहुना दोन लेखकांनी एकाच उताऱ्याचा विरुद्ध अर्थ लावला असेल तेथे दोन्ही अर्थ तसेच ठेवले आहेत. संग्रहात उणिवाही आहेत. इस्लामी न्यायशास्त्रातील कियास आणि मस्लहत यांवर, तसेच गोव्यातील ख्रिस्ती निसर्गनियमाच्या परंपरेवर स्वतंत्र निबंध हवे होते; ते या खंडात नाहीत. स्त्रीवादी नीतिशास्त्राला जेवढी जागा मिळावयाला हवी होती तेवढी मिळालेली नाही.

वाचकाने निबंध छापलेल्या क्रमाने वाचावे अशी सक्ती नाही. ज्याला पारिभाषिक शब्दांचा धसका असेल त्याने महाराष्ट्रातील वादांवरचे निबंध आधी घ्यावे, कारण तेथील माणसे आणि प्रसंग ओळखीचे आहेत, आणि मग मागे नागार्जुनाकडे किंवा पुढे रॉल्सकडे जावे. ज्याला मुळातच हा सगळा खटाटोप निरर्थक वाटतो, त्याने सिज्विकवरचा निबंध पहिल्यांदा वाचावा. तो लिहिणाऱ्यालाही आरंभी तसेच वाटत होते, आणि अखेरीस ते मत पूर्णपणे बदलले आहे असे त्याच्या शेवटच्या परिच्छेदावरून म्हणता येत नाही.